विश्वास गेला ते ठिकाण

‘विश्वास पानिपतच्या लढाईत गेला’ हे वाक्य मी प्रथम ऐकले ते इतिहासाच्या वर्गात नव्हे, तर आमच्या आळीतील वाण्याच्या दुकानात. उधारीवर साखर मागणाऱ्या कोणा गिऱ्हाइकाने ‘माझ्यावर विश्वास नाही का?’ असे विचारले आणि वाण्याने तराजूवरची नजर न काढता हे उत्तर दिले. दुकानातील सारे हसले, मीही हसलो. विश्वास हे एका मुलाचे नाव होते, तो पेशव्यांचा ज्येष्ठ पुत्र होता आणि गोळी लागून पडला तेव्हा अवघा अठरा वर्षांचा होता, हे मला पुष्कळ उशिरा कळले. एका पिढीचा आक्रोश पुढच्या पिढ्यांच्या तोंडी कोटी होऊन उतरतो, यात नवल नाही. दुःखाला फार काळ दुःखाच्या रूपात राहता येत नाही. नवल वाटते ते त्या कोटीच्या अचूकपणाचे. पानिपतावर विश्वासराव गेले ते १४ जानेवारी १७६१ या दिवशी, पौष शुद्ध अष्टमी, बुधवारी, तिसऱ्या प्रहरी. पण ज्या अर्थाने वाणी बोलत होता तो विश्वास त्या दिवशी गेला, की त्याआधीच केव्हातरी छावणीतून नाहीसा झाला होता?

हा प्रश्न मनात घेऊन मी काला अंब पाहावयास गेलो. दिल्लीहून उत्तरेकडे शेरशाहाच्या जुन्या रस्त्याने सुमारे नव्वद किलोमीटरवर पानिपत लागते. आज ते राष्ट्रीय राजधानी क्षेत्रात मोडते. सतरंज्या, चादरी आणि घोंगड्या विणणारे हे गाव; परदेशातून आलेले जुने लोकरी कपडे येथे पिंजून त्यांचे पुन्हा सूत होते. शहरापासून काही मैलांवर, शेतांच्या मध्ये, काला अंब आहे. येथे आंब्याचे एक झाड होते आणि रणात सांडलेल्या रक्ताने त्याचा रंग काळवंडला, अशी लोककथा आहे. झाड केव्हाच गेले. त्याच्या जागी विटांचा एक स्तंभ, लोखंडी कुंपण आणि भोवती राखलेली बाग एवढे आहे. महाराष्ट्रातून येणारा माणूस येथे येताना मनात फार मोठे काही घेऊन येतो आणि सपाट शेतांकडे पाहून क्षणभर गोंधळतो. डोंगर नाही, किल्ला नाही, आडोसा नाही. जे घडले ते साऱ्यांच्या डोळ्यांदेखत, उघड्या माळावर घडले. आणि तरीही कोणी काय केले व का केले, याविषयी अडीचशेहून अधिक वर्षे आपण एकमेकांकडे संशयाने पाहत आलो आहोत.

द्वेष, आकस आणि संशय हे तिन्ही शब्द आपण सैलपणे एकाच अर्थाने वापरतो. वस्तुतः ही तीन वेगळी माणसे आहेत, एका घरात राहणारी. आपल्या परंपरेने मोजलेल्या षड्रिपूंत मत्सर आहे, क्रोध आहे; द्वेष मात्र त्या सहांत नाही. तो सापडतो पतंजलींच्या पाच क्लेशांत, आणि तेथे त्याची ओळख दुःखाच्या मागोमाग येऊन चिकटणारा अशी करून दिलेली आहे. सतराव्या शतकातील स्पिनोझा फार दूरच्या वाटेने याच ठिकाणी पोचला: द्वेष म्हणजे दुःखच, केवळ त्यासोबत त्या दुःखाच्या बाह्य कारणाची कल्पना जोडलेली असते. दोघांच्याही म्हणण्यात द्वेषाविषयी एक प्रकारची करुणा आहे. जो द्वेष करतो त्याला आधी काही दुखलेले असते. आकस ही पुढची पायरी. मराठीत त्याला ‘डूख धरणे’ असा सुंदर, म्हणजे भयंकर, शब्दप्रयोग आहे; सापाने धरावा तसा. आकस थांबू शकतो, हसू शकतो, पंक्तीला शेजारी बसू शकतो. त्याच्याजवळ वेळ असतो. परंतु द्वेष आणि आकस या दोघांनाही आपला शत्रू कोण हे ठाऊक असते. संशयाचे तसे नाही. संशयाला आपला शत्रू अजून शोधायचा असतो, आणि तो नेहमी जवळच्या माणसांतच शोधावा लागतो, कारण दूरच्या माणसाविषयी संशय घेण्याचे कारणच पडत नाही. अब्दालीविषयी मराठ्यांच्या छावणीत कोणाला संशय नव्हता.

छावणीतील संशयांची मुळे पाहू गेल्यास ती एखाद्या दुष्ट माणसापाशी जात नाहीत. ती दुखऱ्या जागांपाशी जातात. १७५४ मध्ये कुंभेरीच्या वेढ्यात मल्हारराव होळकरांचा एकुलता एक पुत्र खंडेराव तोफेच्या गोळ्याने मारला गेला. मल्हाररावांनी सूरजमल जाटाचा निर्वंश करण्याची प्रतिज्ञा केली. त्या वेळी जाटांशी तह घडवून आणण्यात जयाप्पा शिंदे यांनी पुढाकार घेतला. शिंद्यांच्या दृष्टीने ते व्यवहाराचे शहाणपण होते. होळकरांच्या दृष्टीने ती मुलाच्या चितेशी केलेली प्रतारणा होती. दोघेही आपापल्या ठिकाणी खरे होते, आणि म्हणूनच ती फट पुढे बुजली नाही. १७५७ मध्ये दिल्लीत नजीबखान रोहिला रघुनाथरावांच्या हाती सापडला असता त्याला सोडवले ते मल्हाररावांच्या मध्यस्थीने. नजीब त्यांना बापाच्या ठिकाणी मानीत असे. तोच नजीब पुढे शुक्रतालावर दत्ताजी शिंद्यांना बोलण्यांत गुंतवून अब्दालीची वाट पाहत राहिला, आणि १० जानेवारी १७६० रोजी बुराडीच्या घाटावर दत्ताजी पडले. शिंद्यांच्या माणसांनी होळकरांकडे कोणत्या डोळ्यांनी पाहिले असेल, याची कल्पना करण्यास बखरकाराची गरज नाही.

भाऊसाहेबांच्या बखरीने मल्हाररावांच्या तोंडी एक बोल घातला आहे. त्याचा आशय असा की, नजीबाचे खूळ शिल्लक आहे तोवर पेशव्यांना सरदारांची गरज आहे. ते संपले की पेशवे आपल्याला धोतरे धुवावयास लावतील. मल्हारराव असे खरोखर बोलले की नाही, हे सांगता येत नाही. पण ज्याने कोणी हे वाक्य रचले त्याला संशयाची रीत पुरती ठाऊक होती. त्यात शत्रूवर प्रेम नाही, धन्याविषयी द्वेषही नाही. आहे तो एक हिशेब: माझी किंमत माझ्या उपयोगाइतकीच आहे, म्हणून माझा उपयोग संपता कामा नये. असा हिशेब ज्याच्या मनात आला त्याला दोष देणे सोपे आहे. परंतु असा हिशेब करण्याची पाळी ज्या दौलतीत वृद्ध, पराक्रमी सरदारावर येते, त्या दौलतीने त्याला काय शिकवले होते, हेही विचारले पाहिजे. संशयी माणूस पुष्कळदा चांगला विद्यार्थी असतो. त्याला मिळालेले धडे त्याने मन लावून गिरवलेले असतात.

पुणे दरबारही अशा धड्यांत मागे नव्हता. रघुनाथरावांच्या उत्तरेकडील मोहिमेने कर्ज आणले म्हणून भाऊंनी त्यांना बोल लावला, तो बोल रघुनाथरावांच्या मनात रुतून बसला. भाऊंबरोबर विश्वासरावांना पाठवण्यामागे मोहिमेचे सारे श्रेय एकट्या भाऊंच्या पदरी पडू नये, हा गोपिकाबाईंचा हेतू होता, असे सांगितले जाते. खरे असो वा नसो, असे सांगितले गेले आणि लोकांना ते खरे वाटले, एवढेच येथे पुरेसे आहे. आप्तांच्या समूहाला ‘भाऊबंद’ म्हणणाऱ्या या भाषेने ‘भाऊबंदकी’ या शब्दाला मात्र वैराचा अर्थ दिला आहे. आपल्या भाषेने हा निवाडा कधीच करून टाकला आहे.

सूरजमल जाटाचे प्रकरण अधिक बोलके आहे. बायका, यात्रेकरू आणि जड सरंजाम मागे ठेवून गनिमी काव्याने लढावे, हा त्याचा सल्ला भाऊंनी मानला नाही. ऑगस्ट १७६० मध्ये दिल्ली हाती आल्यावर दिवाण-इ-खासचे चांदीचे छत उतरवून नाणी पाडण्यात आली. सूरजमल रुसला आणि आपल्याला अडकवून ठेवतील या भयाने छावणी सोडून गेला. भाऊंना तो परका, सावध, केवळ स्वतःचे पाहणारा वाटला. पुढे पानिपताहून जीव घेऊन पळालेली, उघडीनागडी, थंडीने कुडकुडणारी माणसे त्याच्या मुलखात आली तेव्हा त्याने आणि त्याच्या राणी किशोरीने त्यांना अन्न दिले, पांघरूण दिले, जखमा बांधल्या आणि वाटखर्च देऊन दक्षिणेकडे लावले. अब्दालीचा रोष ओढवण्याचा धोका असताना त्याने हे केले. ज्याच्या मुलुखावर सुमारे सात वर्षांपूर्वी याच मराठ्यांनी वेढा घातला होता, त्याने हे केले. सल्ला देताना जो अविश्वसनीय ठरला होता, तो आपत्तीत विश्वसनीय ठरला. मात्र त्या वेळी भाऊंपाशी हे जाणण्याचे साधन नव्हते, हेही विसरता येत नाही.

आणि गोविंदपंत बुंदेले. बुंदेलखंडातील हा वृद्ध मामलेदार. त्याच्याकडे वसुलाची थकबाकी होती, हिशेबात घोळ होते, आणि पुण्याहून त्याला वर्षानुवर्षे कठोर पत्रे जात होती. तो पैसा खातो, हा दरबाराचा समज होता, आणि कदाचित तो सर्वस्वी खोटाही नसेल. छावणी उपाशी पडू लागली तेव्हा रसद पाठवण्याची आणि शत्रूची रसद मारण्याची जबाबदारी त्याच्यावर टाकण्यात आली. मागचा तगादा आणि पुढची आज्ञा दोन्ही त्याच्या दाराशी एकाच काळात येत होती. डिसेंबर १७६० मध्ये तो त्या कामावर असताना अचानक आलेल्या अफगाण टोळीने त्याला गाठले आणि ठार केले. त्याचे मुंडके मराठ्यांच्या छावणीत पाठवण्यात आले. ज्या माणसाकडे हिशेब मागितला होता त्याच्याकडून आलेले ते शेवटचे. पुढे १८९८ मध्ये राजवाड्यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड काढला आणि आपल्या विस्तृत प्रस्तावनेत गोविंदपंत व मल्हारराव यांच्यावर ठपका ठेवला. राजवाड्यांच्या व्यासंगाविषयी माझ्या मनात आदरच आहे. तरीही ती पाने वाचताना जाणवते की, पराभवाची चौकशी करणारा माणूस नकळत छावणीतच जाऊन बसतो आणि तेथील संशय पुढे चालवू लागतो. पुढच्या इतिहासकारांनी ठपक्याची जागा बदलली: कोणी भाऊंच्या ताठ्याकडे बोट दाखवले, कोणी होळकरांच्या माघारीकडे. कोणी कोठे बोट दाखवावे हे पुष्कळदा त्याच्या जातीवरून आणि प्रांतावरून आधीच सांगता येई, ही गोष्ट लपवण्यात अर्थ नाही. पराभव सोसतो; फितुरीवाचून झालेला पराभव सोसत नाही. आपण हरलो कारण समोरच्याच्या उंटांवरील तोफा हलत्या होत्या, त्याचे राखीव घोडदळ ताजे होते आणि आपली माणसे, जनावरे उपाशी होती, हे कारण पुरेसे असूनही पुरत नाही. कारणाला चेहरा लागतो.

या छावणीत ज्याच्यावर सर्वांत सहज संशय घेता आला असता तो माणूस म्हणजे इब्राहिमखान गारदी. तो काल-परवापर्यंत निजामाच्या चाकरीत होता. समोरचे सैन्य त्याच्या धर्माचे होते आणि त्या धर्माच्या नावाने लढाईला हाक घातली गेली होती. गारद्यांपैकीच मुजफ्फरखानाने १७५९ मध्ये भाऊंच्या जिवावर हल्ला केला होता. शिवाय इब्राहिमखान आपल्या पलटणीचा पगार दरमहा रोख मागे, आणि न मिळाल्यास बोलून दाखवी. जुन्या सरदारांना ही गोष्ट फार टोचे. शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेल्या काशीराजाने फारसीत लिहून ठेवलेल्या वृत्तांतात एक प्रसंग आहे. लढाईच्या सकाळी इब्राहिमखान भाऊंपाशी आला आणि म्हणाला की, पगारासाठी मी तगादा लावी म्हणून आपण माझ्यावर रुष्ट होता. तो पैसा आम्ही फुकट खाल्ला की नाही ते आज पाहा. आणि मग त्याच्या पलटणींनी रोहिल्यांची फळी मोडून काढली. विंचूरकर आणि गायकवाड यांची पथके आखलेली रांग सोडून त्याच्या पुढे धावली, त्यामुळे त्याच्या तोफा बंद पडल्या, असे सांगतात. त्याचे बहुतेक लोक जागीच पडले. तो स्वतः जखमी होऊन हाती लागला आणि कैदेत मारला गेला.

इब्राहिमखानाच्या या निष्ठेवर आपण भाषणांतून पुष्कळ बोलतो, पण त्यातील एक बारीक गोष्ट निसटते. भाऊंनी त्याच्यावर विश्वास टाकला तो त्याच्या अंतःकरणात डोकावून नव्हे. त्यांच्यामध्ये एक करार होता: पगार आणि कामगिरी. रोखठोक भांडण करता येत होते आणि भांडून झाल्यावर नाते शाबूत राहत होते. उलट जेथे जेथे नाते मोठ्या शब्दांवर उभे होते, धर्मपुत्र, पगडीभाऊ, आप्त, तेथे भांडण बोलून दाखवता येत नव्हते. ते मनात मुरत होते. मला वाटते, संशयाचे खरे खत तोंडावर न बोललेले भांडण हे आहे. ज्याने तोंडावर पगार मागितला तो शेवटपर्यंत उभा राहिला. यावरून नियम काढू नये. पण हे घडले एवढे खरे.

संशय पलीकडच्या छावणीतही होता, आणि तेथे त्याने वेगळेच काम केले. भाऊंनी काशीराजामार्फत तहाची बोलणी चालवली होती. शुजा तहाला अनुकूल होता. अब्दालीलाही हिंदुस्थानात फार काळ राहण्याची हौस नव्हती. दोन्ही सैन्ये अडीच महिने एकमेकांच्या परतीच्या वाटेवर बसून होती आणि दोघांचीही उपासमार होत होती. तह मोडला तो नजीबाच्या युक्तिवादाने. त्याचे म्हणणे असे की, आज हे शपथा घेतील, पण तुम्ही परत गेलात की पुन्हा येऊन आम्हाला खातील. हा युक्तिवाद चुकीचा होता असे म्हणता येत नाही. नजीबाच्या जागी बसून पाहिले तर तो बरोबरच होता. पण त्याची चाल पाहा. तू उद्या मला मारशील, म्हणून मी आज तुला मारतो. आणि तुला मारण्याचा माझा निश्चय कळल्यावर तूही तेच ठरवशील, म्हणजे माझा अंदाज खरा ठरेल. द्वेष सूड घेतो तो झालेल्या गोष्टीचा. संशय सूड घेतो तो न झालेल्या गोष्टीचा. म्हणून द्वेषाला कोठेतरी अंत असतो, झालेल्या गोष्टी मोजक्याच असतात. न झालेल्या गोष्टींना अंत नाही.

फ्रॉइडने १९११ मध्ये श्रेबर नावाच्या एका जर्मन न्यायाधीशाच्या आत्मकथनावर जो निबंध लिहिला, त्यात छळाच्या भ्रमाची घडण अशी उलगडली आहे: स्वतःच्या मनातील न पेलणारी ओढ आधी द्वेषात उलटते, मग तो द्वेष समोरच्याच्या मनात आहे असे वाटू लागते, आणि अखेरीस ‘तो माझा द्वेष करतो, म्हणून मी त्याचा करतो’ असे समाधान मिळते. फ्रॉइडची सारी मीमांसा आज कोणी जशीच्या तशी मानत नाही. तरी तो मधला उलटा टाका मात्र ओळखीचा वाटतो. आपल्याकडे हे देवलांनी रंगभूमीवर फार आधी दाखवले. १८९० च्या ‘झुंझारराव’ नाटकात त्यांनी ऑथेल्लोची शोकांतिका मराठीत आणली. आणि त्याच लेखकाने फाल्गुनरावाला घेऊन ‘संशयकल्लोळ’ लिहिले, ते १९१६ पासून आजवर प्रेक्षकांना हसवते आहे. एकच व्याधी, एकच वैद्य; एका घरात प्रेत पडते, दुसऱ्या घरात गाणे होते. फरक कशाने पडला? माझ्या समजुतीने केवळ एवढ्यानेच की, फाल्गुनराव आपला संशय घरभर ओरडत फिरतो, आणि झुंझारराव तो पोटात ठेवतो.

पानिपतानंतर हा रोग पुण्याला आला. भाऊंचे शव रणात शिराविना सापडले, ओळख पटवण्यात आली, दहनही झाले; पण ही वार्ता दक्षिणेत पोचेपर्यंत तिच्यावर कोणाचाच पुरता भरवसा उरला नव्हता. पार्वतीबाईंनी वैधव्य स्वीकारले नाही. त्यांचे कुंकू हे साऱ्या शहराच्या डोळ्यांसमोरचे एक प्रश्नचिन्ह होते. मग तोतया आला. सुखनिधान नावाचा हा कनोजी ब्राह्मण बुंदेलखंडाकडचा. पंचांनी चौकशी करून तो तोतया असल्याचा निर्णय दिला, त्याला किल्ल्यावर कैदेत ठेवले. १७७६ मध्ये तो सुटला आणि बघता बघता कोकणातील किल्ले व हजारो माणसे त्याच्या बाजूला गेली. भाऊंना वर्षानुवर्षे पाहिलेली माणसे त्याला पाहून दोन्ही बाजूंनी बोलली. अतिसंशयाच्या काळात भोळेपणा वाढतो, हे वरवर विसंगत वाटते. पण जेथे कोणत्याच साक्षीवर विश्वास नाही तेथे मनाला हवी ती साक्ष खरी मानण्यास अडथळाही राहत नाही. त्याच वर्षीच्या डिसेंबरात तोतयाला देहान्त शिक्षा झाली. ती देणाऱ्या कारभाराच्या मुळाशी नाना फडणवीस होते. नाना विश्वासरावांच्याच वयाचे, १७४२ चे. पानिपताच्या त्या दिवशी ते रणात होते, जीव वाचवून निसटले, आणि त्यांची आई त्या गर्दीत हरवली ती कायमची. हा तरुण पुढे हिंदुस्थानातील सर्वांत सावध मुत्सद्दी झाला. त्याचे बातमीदार सर्वत्र होते. त्यांच्या या सावधपणाने दौलत वीस वर्षे तगली, आणि त्याच सावधपणाच्या पहाऱ्यात वाढलेला सवाई माधवराव १७९५ मध्ये शनिवारवाड्याच्या माडीवरून पडून गेला. तो अपघात की आत्मघात, याचा वाद मिटलेला नाही.

मध्ये, ३० ऑगस्ट १७७३ रोजी, त्याच वाड्यात नारायणराव पेशव्यांचा गारद्यांनी खून केला. रामशास्त्र्यांनी रघुनाथरावांना दोषी धरले. लोकांना मात्र तेवढ्याने समाधान झाले नाही. त्यांनी आनंदीबाईंच्या हाती लेखणी दिली आणि ‘ध’ चा ‘मा’ करवला. ही गोष्ट खरी की लोककल्पना, याविषयी इतिहासकारांत एकमत नाही. पण एका स्त्रीचे नाव एका अक्षराला कायमचे बांधले गेले आणि तो पुरावा आहे की नाही हे पाहण्याची कोणाला निकड वाटली नाही.

येथवर मी इतिहासाच्या आडून बोललो. आता स्वतःविषयी बोलणे प्राप्त आहे, नाहीतर हा सारा विचार दुसऱ्याच्या घरातील केरकचरा काढण्यासारखा होईल. पुष्कळ वर्षांपूर्वी मी ज्या महाविद्यालयात शिकवत होतो, तेथे माझ्याविरुद्ध व्यवस्थापनाकडे एक निनावी पत्र गेले. परीक्षेच्या कामात मी पैसे घेतले, असा आरोप होता. चौकशी झाली, काही निघाले नाही. पत्राची प्रत मला दाखवण्यात आली. ती टंकलिखित होती. तिच्यात ‘वस्तुस्थिती अशी की’ हे शब्द दोनदा आले होते, आणि माझा एक मित्र, ज्याच्याबरोबर मी अकरा वर्षे रोज दुपारचा चहा घेतला, बोलताना हेच शब्द वापरीत असे. मी काही विचारले नाही. विचारले असते तर त्याने नाकारले असते, आणि नाकारण्याच्या त्या पद्धतीतून मी आणखी एक पुरावा काढला असता, हे मला तेव्हाही कळत होते. मी चहाची वेळ बदलली. त्याने दोन-तीनदा कारण विचारले, मग विचारणे सोडले. त्याचे ते सोडणेही मी पुराव्यात जमा केले. नऊ वर्षे आम्ही एका इमारतीत वावरलो.

तो वारला तेव्हा मी तेराव्याला गेलो. त्याच्या मुलाने मला एक पुस्तक आणून दिले. ते माझेच होते, केव्हातरी त्याने नेले होते. आत एक चिठ्ठी होती. तिच्यावर त्याच्या अक्षरात माझे नाव, खाली ‘परत करणे’ आणि तारीख. तारीख त्या पत्रानंतर चार वर्षांची होती. म्हणजे चार वर्षांनी त्याने ते पुस्तक पुन्हा हातात घेतले होते, परत करण्याचे ठरवले होते, आणि केले नव्हते. यावरून काहीच सिद्ध होत नाही. ज्याने पत्र लिहिले तोही अशी चिठ्ठी ठेवू शकतो. ज्याने लिहिले नाही तोही. पण मला सांगावयाचे आहे ते वेगळेच. त्या घरात, त्याच्या तसबिरीसमोर, ती चिठ्ठी हातात आल्याबरोबर मी प्रथम तिच्यातील शब्दरचना पाहिली. ‘वस्तुस्थिती’ कोठे आहे का, हे पाहिले. ते दोन शब्दांचे टिपण होते. त्यात काय असणार? दुःख त्यानंतर आले.

संशयात्म्याचा नाश होतो असे गीतेच्या चौथ्या अध्यायात म्हटले आहे, आणि ते आपण दुसऱ्याला सांगण्यासाठी पाठ करतो. तेथे ज्या संशयाविषयी बोलले आहे तो ज्ञानाविषयीचा आणि श्रद्धेविषयीचा आहे. माणसामाणसांतल्या संशयाला तो उतारा जसाच्या तसा लागू करणे बरे नव्हे. शिवाय संशय सर्वस्वी टाकून द्यावा, असेही मला म्हणता येणार नाही. नजीबाच्या गोड बोलण्यावर दत्ताजींनी विश्वास ठेवला आणि त्यांचे प्राण गेले. दुधाने तोंड पोळलेला ताकही फुंकून पितो, त्याला आपण मूर्ख म्हणत नाही. अडचण निराळी आहे. पुरावा मिळाल्यावर जो ठेवायचा तो विश्वास नव्हे, ती माहिती. विश्वास हा पुरावा अपुरा असतानाच ठेवावा लागतो, आणि संशयही नेमका तेव्हाच घेतला जातो. दोघांचे भांडवल एकच, ते म्हणजे आपले अज्ञान. मग त्या अज्ञानातून एका माणसाकडे जाताना आपण कोणती वाट धरतो, हे त्या माणसावर अवलंबून नसून बरेचसे आपल्या जुन्या जखमांवर अवलंबून असते. भाऊंना हे कळले होते की नाही कोण जाणे. त्या दुपारी विश्वासराव पडल्यावर ते अंबारीतून उतरले, घोड्यावर बसले आणि गर्दीत शिरले. रिकामी अंबारी पाहून सैन्याने भाऊ गेले असे मानले आणि फळी फुटली. ते तेव्हा जिवंत होते, लढत होते, फक्त दिसत नव्हते.

काला अंबला मी होतो तेव्हा दुपार कलली होती. दरवर्षी १४ जानेवारीला येथे मोठी गर्दी होते, महाराष्ट्रातून माणसे येतात, स्वतःला पानिपतावर राहिलेल्या मराठ्यांचे वंशज म्हणवणारे हरियाणातील रोड समाजाचे लोक येतात. मी गेलो तो दिवस साधा होता. बागेत काही मुले खेळत होती आणि एक म्हातारा कुंपणाला टेकून बसला होता. त्याने मला विचारले, ‘महाराष्ट्र से?’ मी मान हलवली. त्याच्या शेतात नांगरताना त्याच्या आजाला एकदा लोखंडाचा गोळा सापडला होता, असे त्याने सांगितले. मग थोडे पुढे सरून, जणू ही गोष्ट घरच्याच माणसाला विचारायची असते अशा आवाजात, त्याने विचारले, ‘आप लोग तो पढ़े-लिखे हो. सच-सच बताओ, गद्दार कौन था?’

माझ्या ओठांवर एक नाव आले होते.